पंखा फिरला की ड्यूटी

विमानं ठेवायच्या हँगरच्या आतल्या भिंतीला एक काळा फळा टांगलेला होता आणि तो माझ्या ताब्यात होता. विमान चालवायला शिकवणाऱ्या तिघा मास्तरांची ड्यूटी त्या दिवशी कधी लागली, ते किती वेळ आकाशात होते, अजून किती वेळ त्यांना वर पाठवता येईल, हे खडूनं त्यावर लिहायचं. नियम टाइप करून फळ्याशेजारीच चिकटवलेला होता. मास्तरची ड्यूटी दिवसाला दहा तासांच्या वर जाणार नाही. दमलेल्या माणसाच्या हवाली दुसऱ्याचं पोर करायचं नाही, एवढाच त्याचा अर्थ. असा नियम वाचला की वाटतं, चला, इथं तरी कोणी विचार केलाय.

मला तसं पहिले दोन दिवस वाटलं.

आमचं घर पिंपरीतल्या कामगार वस्तीतलं. वडील कारखान्यात लेथवर. घरात पुस्तकांपेक्षा पत्रकं जास्त. विहाराच्या मागच्या खोलीत एक जुनं सायक्लोस्टाइल यंत्र होतं, वडिलांच्या युनियनची पत्रकं त्यावर निघायची आणि शाळेत असल्यापासून त्यांचा मजकूर मी लिहायचे. वडील सांगायचे, "गेटवर माणूस चालता चालता वाचतो. तुझं वाक्य त्याच्या चार पावलांत संपलं पाहिजे." माझं मराठी तिथं घडलं. म्हणून माझी वाक्यं तोडून टाकलेली असतात, आणि चिडलेली. त्याला इलाज नाही.

एक सबंध वर्ष आमच्या पत्रकांना एकच विषय होता. कामगार गेटमधून आत यायचा, लांबवर चालत आपल्या खात्यात जायचा, कपडे बदलायचा आणि मग तिथं कार्ड पंच करायचा. गेटपासून खात्यापर्यंतचा वेळ कोणाचा? कंपनी म्हणायची, तुमचा. आम्ही म्हणायचो, गेटच्या आत माणूस तुमच्या हुकमात, तर वेळही तुमचाच. भांडण बरंच चाललं. शेवटी पंचिंगचं घड्याळ उचलून गेटवर आणलं. त्या दिवशी वडिलांनी वस्तीत जिलेबी वाटली.

टायपिंगची परीक्षा झाली आणि मला या उड्डाण शाळेत नोकरी लागली. चऱ्होलीच्या पुढं, आळंदीच्या अलीकडं उघडा माळ होता. त्यावर मुरमाची धावपट्टी, पत्र्याचं हँगर, दोन खोल्या, एक कडुनिंब आणि त्याच्याखाली सिमेंटचा बाक. दोन सीटची दोन जुनी विमानं. बाकी सगळी म्हशींची मालकी. विमान उतरायच्या आधी कोणीतरी पळत जाऊन म्हशी हाकलायच्या, हाही तिथला एक नियमच होता, आणि तो मात्र कोणी मोडत नसे.

तिसऱ्या दिवशी मी सकाळी फळ्यावर थोरल्या मास्तरांच्या नावापुढं त्यांची गेटमधून आत आल्याची वेळ लिहिली. विमानांचे मेस्त्री माझ्या मागं येऊन उभे राहिले. कुरुळीचे, पन्नाशीचे, कानावर कायम विडी खोचलेली, आणि हँगरमध्ये ओढायची नाही म्हणून कधीच न पेटलेली.

"ताई, त्ये पुसा. मास्तर अजून कामावर आल्यालं न्हाईत."

"ते काय, बाकावर बसलेत."

"बसल्यात न्हवं? पंखा कुटं फिरलाय?" मेस्त्री म्हणाले. "हितं पंखा फिरला की ड्यूटी."

हा तिथला रिवाज. विमानाचा पुढचा पंखा हातानं फिरवून इंजिन चालू करायचं. मेस्त्री दोन्ही हातांनी पातं धरायचे, एक पाय उचलून झटका द्यायचे आणि मागं सरायचे. इंजिन खोकलं, धरलं, की तेव्हापासून मास्तरची ड्यूटी. त्याच्या आधी मास्तर माणूसच नव्हता म्हणा ना!

आता हिवाळ्यात काय व्हायचं, ते सांगते. इंद्रायणीवरून धुकं यायचं आणि माळावर बूड टेकून बसायचं. थोरले मास्तर आकुर्डीला राहायचे. नळाला पाणी पहाटे चारला, ते भरून पहिली बस, मग फाट्यापासून चालत. आल्यावर मुलांचा वर्ग घ्यायचा. हवामान, नकाशा, इंजिन. मग बाकावर बसून धुकं उठायची वाट बघायची. उठून घरी जायची सोय नाही, आडवं व्हायची सोय नाही. धुकं कधी दहाला विरायचं, कधी अकराला. मग पंखा फिरायचा आणि फळ्यावर ड्यूटी लागायची. तिथून दहा तास मोजले तर सूर्यच आधी मावळायचा. म्हणजे हिवाळ्यात तो नियम कोणालाही, कधीही, अडवत नव्हता. भिंतीवर चिकटवलेला कागद, बस्स.

मी मॅनेजरसाहेबांकडं गेले. चांगले कपडे, मऊ आवाज. मला असल्या मऊ आवाजाची भीती वाटते.

"धुक्यात बाकावर बसलेला माणूस काम करतो की आराम, बाई?"

"मग तो आराम त्यांना घरी करू द्या."

"आणि धुकं लवकर उठलं तर?"

"म्हणजे ते तुम्हाला इथं हवेत."

"अर्थात हवेत."

"मग ती ड्यूटी."

साहेब हसले. "तुम्ही युनियनवाल्यांच्या घरातल्या, नाही का?" आणि त्यांनी टाइप करायला एक कागद माझ्यापुढं सरकवला.

पण मला खरा राग आला तो थोरल्या मास्तरांचा. त्यांच्यासाठी मी भांडत होते, आणि दुपारी त्यांनीच मला कडुनिंबाखाली बोलावलं. साताऱ्याकडचे, फौजेतून निवृत्त झालेले, बुटके, गळ्यात तपकिरी मफलर. शिकणारी मुलं त्यांना सर म्हणायला लागायची आणि आठवड्याभरात मास्तरवर यायची.

"मुली, माझ्या फळ्याच्या वाटेला जाऊ नकोस. आमचा पगार उडण्यावर आहे. तू सकाळपासून मोजलंस तर चारलाच माझे दहा भरतील. संध्याकाळची हवा शांत. शिकवायला सगळ्यात चांगली. तेव्हा मी बाकावर बसू?"

"पण दमता ना तुम्ही?"

"दमायला काय झालं? मी बसूनच असतो. बाकावर बसलेला, नाहीतर विमानात बसलेला."

बाकीचे दोन मास्तर तरुण होते, ते जोरात हसले. एक म्हणाला, "बाई, आमची दया नका करू. दयेनं चूल पेटत नाही." वेळ नीट मोजला तर कामगाराचंच पोट मारलं जातं, अशी गाठ ज्यानं मारली तो खुर्चीत बसलेला, आणि भांडतोय आम्ही आपापसात. पत्रक लिहायला बसले असते तर पहिलं वाक्य हेच आलं असतं.

पुढं जे झालं ते समजायला एक गोष्ट माहीत पाहिजे. त्या विमानात शिकणारा पुढं बसायचा आणि मास्तर मागं. शिकणाऱ्याला मास्तर दिसत नसे. मास्तरच्या तोंडाशी एक रबरी नळी, तिचं दुसरं टोक मुलाच्या कानटोपीत. बोलायचं ते मास्तरनं, मुलानं फक्त ऐकायचं. विचारायची सोयच नाही. त्यामुळं सगळी मुलं एक गोष्ट धरून चालायची, आणि एकमेकांना शिकवायची: मास्तर ओरडतोय तोवर आपण चुकतोय. मास्तर गप्प झाला की सगळं बरोबर आहे. मास्तर पूर्ण वेळ गप्प राहिला, तर समजायचं, सोलो आला. सोलो म्हणजे एकट्यानं उडणं. मागची सीट रिकामी.

त्या वर्षीच्या मुलांत एक जण चिंचवडच्या पलीकडच्या शेतकऱ्याचा मुलगा होता. जमीन कारखान्यात गेली, तिचे पैसे आले. बापाच्या मनात आलं, जमीन गेली तर पोरानं आकाश तरी धरावं. पोरगा अंगानं थोराड, मनानं भाबडा. मास्तर त्याच्यावर सगळ्यात जास्त ओरडायचे. उतरताना तो जमिनीची घाई करायचा. नळीतला आवाज आम्हाला ऐकू येत नसे, पण विमान जमिनीजवळ येऊन एकदम उसळी मारायचं, तेव्हा कळायचं की मागून मास्तरांनी आपल्याकडचा सुकाणूचा दांडा ओढलाय.

पौषातला एक दिवस. धुकं खूप उशिरा उठलं होतं आणि राहिलेले धडे सगळे दुपारनंतर कोंबले होते. थोरले मास्तर एकामागून एक मुलं वर नेत होते. शेवटचा हा शेतकऱ्याचा मुलगा. ऊन तिरपं झालेलं, हवा अगदी स्थिर. विमान चऱ्होलीच्या बाजूनं वळलं, खाली आलं. पट्टीच्या टोकाच्या बाभळीवरून जरा जास्तच खालून आलं. मेस्त्री माझ्याशेजारी उभे होते, त्यांनी कानावरची विडी हातात घेतली. विमान टेकलं, किंचित वाकडं धावलं आणि हँगरपाशी येऊन थांबलं.

पोरगा उडी मारूनच खाली आला. कानटोपी हातात, तोंडभर हसू.

"एक शब्द न्हाई! ताई, मास्तर एक शब्द बोललं न्हाईत! वर गेल्यापासनं उतरस्तवर एक शब्द न्हाई!"

बाकीची मुलं धावली. त्याला उचललं, पाठीत गुद्दे घातले. आवाज ऐकून मॅनेजरसाहेब बाहेर आले, त्यांनी हात मिळवला. मेस्त्री चाकांखाली ठोकळे लावायला विमानाकडं गेले, वाकले, उठले आणि मागच्या सीटकडं बघत तसेच उभे राहिले. मग त्यांनी मूठ वळून विमानाच्या अंगावर दोनदा मारली. झोपलेल्या माणसाच्या दारावर मारतात, तशी.

मीही गेले. मास्तरांची हनुवटी मफलरमध्ये रुतलेली होती. नळी तोंडापासून सुटून छातीवर पडलेली. दुसऱ्यांदा मूठ बसल्यावर त्यांनी डोळे उघडले. आधी मेस्त्रींकडं पाहिलं, मग माझ्याकडं, मग खाली मुरमाकडं.

"उतरलं?" त्यांनी विचारलं.

"उतरलं," मेस्त्री म्हणाले.

मास्तरांच्या तोंडावर तेव्हा जे आलं ते मी पत्रकात लिहू शकत नाही. मागं पोरं ओरडत होती, "सोलो! सोलो!"

त्याच संध्याकाळी साहेबांनी ठरवून टाकलं. येत्या रविवारी त्या मुलाचा सोलो. त्याचा बाप गावकरी घेऊन येणार, हलगी येणार, फोटो काढणारा येणार. आणखी चार शेतकऱ्यांची पोरं नाव घालतील. साहेबांचा मऊ आवाज त्या दिवशी गात होता.

घरी आल्यावर मी वडिलांना सगळं सांगितलं आणि मजकूर लिहायला बसले. मथळासुद्धा सुचला होता. वडील चहा पीत होते. त्यांनी कप खाली ठेवला.

"कोणाच्या झोपेवर छापतीस हे?"

"शाळेच्या नियमावर छापते."

"नियमाला लायसन नसतंय. माणसाला असतंय. नाव नाही घातलंस तरी म्हातारं मास्तर एकच आहे. उद्या त्याचं लायसन गेलं, तर तुझ्या पत्रकानं काय मिळवलं?"

"मग पोराला मरू द्यायचं?"

"तसं कुठं म्हटलं मी?" ते म्हणाले. "आधी ज्याची गोष्ट आहे त्याला विचार. त्याला बोलू दे. गेटवर आम्ही तेच केलं की नाही?"

कागद मी फाडला नाही. घडी घालून उशाला ठेवला. तुम्हाला वाटेल मी शहाणी झाले. नाही झाले. मी फक्त एक दिवस थांबले.

दुसऱ्या दिवशी पुन्हा तसंच धुकं. मास्तरांनी वर्ग घेतला नाही. त्या मुलाला बाकावर बोलावलं, आणि जाता जाता मला म्हणाले, "तूही ये. साक्षीला." मेस्त्री न बोलावता आले.

"काल उतरताना तुला काय वाटलं?" मास्तरांनी विचारलं.

"लई भारी, मास्तर. तुमी गप, म्हनलं आता आपलं जमलं."

"बाभूळ किती खाली होती?"

मुलगा घुटमळला. "होती की. लांब."

"लांब नव्हती. मेस्त्रींनी पाहिलंय." मास्तर धुक्याकडं बघत बोलत होते. "मी गप्प नव्हतो, बाळ. मी झोपलो होतो."

मुलगा हसला. "मास्तर, चेष्टा करता व्हय?"

कोणीच हसलं नाही. त्यानं मेस्त्रींकडं पाहिलं, माझ्याकडं पाहिलं. हसू त्याच्या तोंडावर तसंच राहिलं आणि मग थोडं थोडं करून गळून गेलं. तो म्हणाला, "म्हंजे वर मी एकलाच हुतो?"

"एकटाच होतास."

"आन मला म्हाईत न्हवतं."

"तुला माहीत नव्हतं. म्हणून तो सोलो नाही. एकटा आहे हे माहीत असताना उतरवायचं, त्याला सोलो म्हणतात."

पोरगा उठून हँगरच्या मागं गेला. मेस्त्री पाण्याचा तांब्या घेऊन त्याच्या मागं गेले.

मास्तर तिथून सरळ साहेबांच्या खोलीत गेले. दार उघडं होतं, मी टाइपरायटरवर बोटं ठेवून बसले होते.

"रविवारी तो जाणार नाही. अजून तयार नाही."

"काल तर सगळ्यांनी पाहिलं."

"काल मी झोपलो होतो."

खुर्ची करकरली. "हे असं मोठ्यानं बोलू नका, मास्तर."

"मग हळू बोलतो. झोपलो होतो."

आणि मग साहेब जे बोलले ते मी मरेपर्यंत विसरणार नाही. अगदी मऊ आवाजात ते म्हणाले, "अहो, मग तर सिद्धच झालं की! तुमच्याशिवाय उतरवलं त्यानं. आणखी काय पाहिजे?"

मास्तर बाहेर आले. मला म्हणाले, "खडू दे."

ते फळ्यापाशी गेले. आपल्या नावापुढं त्यांनी स्वतःच्या हातानं त्या दिवशी गेटमधून आत आल्याची वेळ लिहिली. अक्षर शाळामास्तरासारखं, वळणदार. त्याच्याखाली एक रेघ ओढली. माझ्या हातानं लिहिलेली वेळ कोणीही पुसली असती. ही पुसायला मास्तरांसमोर उभं राहायला लागणार होतं.

धुकं उठलं. मास्तरांनी त्या मुलाला दोनदा वर नेलं. दोन्ही वेळा विमान जमिनीवर येऊन बेडकासारखं उड्या मारत राहिलं. काल न भिता उतरलेला पोरगा आज भीतीनं दांडा आवळून धरत होता. मुलं कुजबुजायला लागली. आणि चारच्या सुमाराला, हवा अगदी तेलासारखी गुळगुळीत झालेली असताना, मास्तर विमानातून उतरले, मफलर सोडून खांद्यावर टाकला आणि म्हणाले, "माझे भरले."

साहेब तरातरा आले. "अजून दोन मुलं बाकी आहेत. सूर्य आहे अजून."

"फळा वाचा."

"तो फळा मी पुसून घेतो." आणि साहेबांनी खिशातून पांढरा रुमाल काढून खरंच पुसला. मास्तरांनी हातातल्या खडूनं त्याच जागी तीच वेळ पुन्हा लिहिली. साहेब माझ्याकडं वळले. "बाई, इकडं या. पुसा ते."

"मी नाही पुसणार."

"नोकरी करायचीय ना?"

"करायचीय. म्हणूनच नाही पुसणार. माझं काम लिहायचं आहे."

तेव्हा साहेब एका तरुण मास्तराकडं वळले, की तू चल. तो खांदे उडवून विमानात जाऊन बसला. त्याला मी दोष देत नाही, त्याची चूल त्याला माहीत. पण विमान हातानं चालू करायचं होतं. सगळ्यांनी मेस्त्रींकडं पाहिलं. मेस्त्री पंख्यापाशी उभे होते. दोन्ही हात मागं.

"मेस्त्री, पंखा."

"हात दुखतुया, साहेब."

"मेस्त्री!"

"खरंच दुखतुया. सकाळच्यापारनं हितं उभा हाय. पर माझी बी ड्यूटी पंखा फिरला की लागती न्हवं?" मेस्त्रींनी कानावरची विडी चाचपली. "आता पंखा फिरलाच न्हाई, तर मी कामावर आलोच न्हाई. न आलेल्या मान्साला काय सांगता, साहेब?"

सगळ्यात आधी हसला तो विमानात बसलेला तरुण मास्तर. मग मुलं. साहेबांचा आवाज त्या दिवशी पहिल्यांदा मऊ राहिला नाही. पण पंखा हलला नाही, आणि उरलेलं ऊन माळावर तसंच वाया गेलं.

मोठी क्रांती वगैरे झाली नाही. पत्रकात आम्ही लिहितो तसं काही होत नाही, हे मला आता कळतंय. रविवार पुढं ढकलला, कारण पोरगाच म्हणाला, मी जाणार न्हाई. हलगीवाल्यांना निरोप गेला. घडी घातलेला तो कागद मी मास्तरांना नेऊन दिला. त्यांनी वाचला, परत केला. म्हणाले, "सगळं खरं आहे. पण हे वाचून माणूस चिडेल, आणि चिडून घरी जाईल. आम्ही सकाळी यायचं कधी, ते कोण ठरवणार?"

मग मी चिडण्याऐवजी कारखान्याच्या डोक्यानं विचार केला. तिथं पाळ्या असतात, इथं का नाहीत? हिवाळ्यात तिघांनी पहाटे यायचंच कशाला? एकानं यायचं, त्यानं वर्ग घ्यायचा आणि दुपारी घरी जायचं. दोघांनी धुकं उठायच्या बेतानं दहाच्या बसनं यायचं आणि संध्याकाळची हवा घ्यायची. दर आठवड्याला पाळी बदलायची. वेळ सगळ्यांची गेटपासून. आणि वर्गाचा तासही पगाराला उडण्यासारखाच धरायचा, नाहीतर पहाटेची पाळी कोणीच घेणार नाही. यातलं शेवटचं साहेबांनी अर्धं मान्य केलं, तेही तरुण मास्तर आमच्या बाजूला येऊन उभे राहिल्यावर. बाकीचं "तात्पुरतं" म्हणून मान्य केलं. तात्पुरतं म्हणून लागलेलं तिथं अजून चालू आहे असं ऐकते.

थोरल्या मास्तरांना मात्र महिनाअखेरीपासून न येण्याविषयी सांगण्यात आलं. कारण दिलं नाही. करार संपला, एवढंच. तो कागद टाइप करायला साहेबांनी माझ्याचकडं दिला. मी खोलीतून उठून बाहेर गेले. तो त्यांनी स्वतः टाइप केला, दोन बोटांनी, चुकत चुकत. आम्ही सगळ्यांनी सह्या करून अर्ज दिला, मी साहेबांच्या दारात उभी राहून बोलायचं ते बोलले, वडिलांच्या युनियनचे दोघे येऊन भेटून गेले. उपयोग झाला नाही. गेटवर घड्याळ आणायला हजार माणसं होती. इथं आम्ही बोटांवर मोजण्याइतके. मास्तर मलाच समजावत होते, "अगं, मी झोपलो होतो हे तर खरंच ना?" याचा मला इतका राग यायचा! झोपले होते ते, पण त्यांना झोपेपर्यंत जागं ठेवलं कोणी? ते कुठं टाइप करतात?

राहिलेले दिवस मास्तरांनी त्या एका मुलावर घालवले. वर नेताना आता ते नळीतून सतत बोलायचे. बरोबर असलं तरी बोलायचे. "मी आहे. बरोबर आहे. मी आहे." मुलगा मला सांगायचा. मग हळूहळू, आधी सांगून, गप्प व्हायला लागले. "आता मी वळणापर्यंत बोलणार नाही. जागा आहे." मग वळणापर्यंत गप्प. मग उतरेपर्यंत गप्प, आणि टेकल्यावर लगेच, "जागा आहे." पोराच्या हातातली भीती अशी एकेक बोट करून सोडवली त्यांनी.

शेवटच्या आठवड्यात त्यांची पहाटेची पाळी होती, तरी त्या मुलासाठी ते थांबायचे. एका दिवशी चारच्या सुमाराला विमान उतरलं आणि मास्तर मागून उतरून खाली आले. पंखा चालूच होता. त्यांनी मागच्या सीटचे पट्टे नीट बांधून ठेवले, नळी गुंडाळून खोचली, मुलाच्या खांद्यावर थाप मारली. मुलानं वळून मागं पाहिलं. रिकामी सीट त्याला दाखवायलाच ते बाजूला झाले होते. मग त्यानं मान हलवली.

हलगी नव्हती, बाप नव्हता, फोटोवाला नव्हता. आम्ही म्हशी हाकलल्या. विमान गेलं. चऱ्होलीच्या बाजूला लहान होत गेलं, वळलं, इंद्रायणीवर क्षणभर दिसेनासं झालं. मेस्त्री हातात विडी धरून उभे. मास्तर बाकाशेजारी उभे, बसले नाहीत.

विमान परत दिसलं तेव्हा मास्तर बोलायला लागले. आमच्याशी नाही. तोंडासमोर मूठ धरून, जणू नळी हातातच आहे, हळू आवाजात. "गॅस कमी कर. आणखी. बाभूळ दिसते ना? घाई नको. जमीन कुठं जात नाही. येऊ दे तिला. मी जागा आहे. धर... धर... आता हळूच मागं." विमान बाभळीच्या खूप वरून आलं. थोडा वेळ जमिनीवर तरंगत राहिलं, मग चाकं टेकली. धूळ उठली. उसळी नाही.

मास्तरांनी मूठ खाली घेतली आणि मला विचारलं, "माझे किती झाले?"

मी फळ्याकडं पाहिलं. सकाळी त्यांनीच लिहिलेली वेळ. "भरले, मास्तर."

"मग निघतो. नाहीतर पुन्हा भांडशील."

बाकावरचा डबा त्यांनी उचलला. पोरगा विमानातून उतरून त्यांच्याकडं पळत येत होता. तो पोचेपर्यंत ते थांबले. मग दोघं मिळून फाट्याच्या बसकडं चालत गेले, आणि या वेळी पोरगाच बोलत होता, सारखा, आणि मास्तर ऐकत होते.